सँट्रोच्या पुढच्या चाकाची घरघर: बेअरिंग गेलंय की टायर, आणि बदलताना काय सांभाळायचं?

करूळघाट

गाडी ह्युंदाई सँट्रो झिंग, २००६ ची, पेट्रोल, १ लाख १२ हजार किमी. एबीएस (ब्रेक लावताना चाक जाम होऊ न देणारी यंत्रणा) नाही. टायर १५५/७० आर १३, दोन वर्षं झालेले. मुक्काम कोल्हापूर.

४५ च्या पुढे काटा गेला की पुढून घुंऽऽ असा आवाज सुरू होतो. ६०-७० ला शेजारच्याशी मोठ्यानं बोलावं लागतं. गिअर कुठलाही असू दे, आवाज गाडीच्या वेगाबरोबरच चढतो-उतरतो. स्टिअरिंग थरथरत नाही, ब्रेक नीट लागतात. गेल्या पावसाळ्यात गाडी दोनदा निम्मं चाक बुडेल एवढ्या पाण्यातून गेली आहे.

तीन ठिकाणी दाखवली, तीन उत्तरं मिळाली. एक म्हणतो नट ढिला झालाय, आवळून देतो. दुसरा म्हणतो दोन्ही बाजूची बेअरिंगं, हब (चाक ज्यावर बसतं तो भाग) आणि एक्सल (चाक फिरवणारा दांडा) सगळंच टाका. तिसऱ्याच्या मते टायर खाल्लेत, बाकी काही नाही.

विचारायचं हे:
१) नक्की बेअरिंगच आहे आणि कुठल्या बाजूचं, हे घरी कसं ठरवायचं?
२) नट आवळून खरंच काही होतं का?
३) उघडझाप स्वतः करायची तयारी आहे, प्रेस (पार्ट दाबून बसवायचं-काढायचं यंत्र) घरात नाही. कुठपर्यंत घरी करावं आणि कुठलं काम लेथवाल्याकडे न्यावं?

पाना_सतरा

तिघांपैकी कोण बरोबर ते जॅक लावायच्या आधी रस्त्यावरच बरंचसं कळतं.

मोकळा सरळ रस्ता बघा, ७० ला न्या आणि न्यूट्रल करा. इंजिन चालूच ठेवा, बंद करायचं नाही, नाहीतर ब्रेक आणि स्टिअरिंग दोन्ही जड होतील. इंजिनचा आवाज खाली आला आणि घुं तसाच राहिला, तर इंजिन आणि क्लच यादीतून गेले. उरले टायर, चाकाची बेअरिंगं आणि गिअरबॉक्समधली डिफरन्शियलची (दोन चाकांना वेगवेगळ्या वेगानं फिरू देणाऱ्या गिअरांची) बेअरिंगं.

आता त्याच वेगात रुंद रस्त्यावर, मागेपुढे कोणी नसताना, गाडी हलकेच डावीकडे-उजवीकडे झुलवा. डावीकडे वळताना गाडीचं वजन उजव्या चाकावर येतं. तेव्हा आवाज वाढला आणि उजवीकडे वळताना दबला, तर संशय उजव्या बेअरिंगवर. ही खूण दहातल्या आठ वेळा खरी ठरते म्हणा. उरलेल्या वेळी फसवते, कारण या बेअरिंगमध्ये गोळ्यांच्या दोन ओळी असतात आणि वळणावर भार एका ओळीवरून दुसरीवर सरकतो. खराब झालेली ओळ नेमकी हलकी झाली तर आवाज उलट्या बाजूला वाढल्यासारखा वाटतो. म्हणून एवढ्यावर पार्ट आणायला जाऊ नका.

टायर वगळायचा तर दोन गोष्टी. डांबरी रस्ता संपून काँक्रीट लागलं की टायरचा आवाज चटकन बदलतो, बेअरिंगचा तसाच राहतो. आणि पुढचे टायर मागे, मागचे पुढे करून बघा. आवाज मागे गेला तर टायर. टायरच्या नक्षीवरून हात आधी एका दिशेनं, मग उलट फिरवा. एका दिशेनं गुळगुळीत आणि दुसऱ्या दिशेनं करवतीसारखं लागलं, तर टायर खाल्लेत आणि मूळ भानगड अलाइनमेंटची आहे.

मग जॅक. गाडी घोडीवर (लोखंडी स्टँडवर) ठेवा, नुसत्या जॅकवर नको. चाक १२ आणि ६ वाजताच्या जागी धरून आत-बाहेर हलवा. हललं तर लगेच बेअरिंगचं नाव घेऊ नका, खालचा बॉल जॉइंट (चाकाला खालून धरणारा गोल सांधा) गेला असला तरी असंच हलतं. इथे आत कोणालातरी ब्रेक दाबून धरायला सांगा. ब्रेक दाबला की डिस्क आणि कॅलिपरमार्फत (ब्रेक पॅड दाबणाऱ्या भागामार्फत) हब आणि नकल (बेअरिंग ज्यात बसतं ते लोखंडी घर) एकमेकांना बांधले जातात, मधल्या बेअरिंगचा प्ले (ढिलेपणा) दिसेनासा होतो. म्हणजे ब्रेक दाबल्यावर हलणं थांबलं तर बेअरिंग, तरीही हलत राहिलं तर बॉल जॉइंट. ३ आणि ९ ला धरून हललं तर आधी टाय रॉड एंड (स्टिअरिंगच्या दांड्याचा चाकाकडचा सांधा) बघा.

आणि चाक अजिबात हललं नाही म्हणजे बेअरिंग चांगलं, असंही नाही. सीलबंद बेअरिंग प्ले यायच्या कितीतरी आधीपासून ओरडतं.

सगळ्यात भरवशाची परीक्षा शॉकअपच्या स्प्रिंगची. चाक अधांतरी, गिअर न्यूट्रल. एका हातानं चाक जोरात फिरवा, दुसऱ्या हाताची बोटं स्प्रिंगच्या वेढ्यावर हलकी टेकवा. चांगल्या बेअरिंगला स्प्रिंग गप्प असते. गेलेल्याला बोटांना बारीक खरखर जाणवते, जात्यात खडा आल्यासारखी. कानापेक्षा बोटं इथे खरी ठरतात, कारण ब्रेक पॅडचं घासणं कानाला मोठं वाटतं पण स्प्रिंगपर्यंत फारसं पोचत नाही. दोन्ही बाजूंना करून तुलना करा. शंका उरलीच तर कॅलिपर बाजूला टांगून परत फिरवा.

इंजिन चालू करून, गिअर टाकून चाक हवेत फिरवायचा उद्योग करू नका. एकच चाक उचललेलं असेल तर डिफरन्शियलमुळे ते काट्यावर दिसतं त्याच्या दुप्पट वेगानं फिरतं, आणि गाडी घोडीवरून उतरली तर थांबवायला कोणी नाही.

डीपी_खाली

आवाज "घुं"च का येतो याचा हिशोब, ज्यांना आवडतो त्यांच्यासाठी.

१५५/७० आर १३ चा व्यास साधारण ५४७ मिमी, घेर १.७२ मीटर. ६० च्या वेगाला चाक सेकंदाला जवळपास १० फेरे मारतं. टायरला एका जागी फुगा आला असेल तर सेकंदाला १० धपके बसतात, ते धडधड म्हणून कळतात. बेअरिंगचं वेगळं आहे. या गाड्यांत बाहेरची रेस (गोळ्या जिच्यावर धावतात ती रिंग) नकलमध्ये स्थिर असते, आतली हबबरोबर फिरते. बाहेरच्या रेसला एक टवका उडाला असेल तर एका फेरीत त्यावरून त्या ओळीतल्या निम्म्याहून थोड्या कमी गोळ्या जातात. १३ गोळ्या धरल्या तर फेरीला पाच-सहा ठोके, म्हणजे सेकंदाला पन्नास-साठ. कानाला ते सुटे ठोके कळत नाहीत, विजेच्या डीपीखाली उभं राहिल्यावर येते तशी गुणगुण ऐकू येते. टवके वाढत जातात तशी गुणगुण घोगरी होत जाते.

"कट-कट-कट" असा मोजता येणारा आवाज, तोही हळू वेगात पूर्ण स्टिअरिंग वळवल्यावर, असेल तर तो एक्सलचा बाहेरचा सीव्ही जॉइंट (चाक वळलेलं असतानाही फिरवत ठेवणारा सांधा). त्याचा बेअरिंगशी संबंध नाही.

घोडी_आणि_जॅक

प्रश्न २ चं उत्तर: नाही.

"नट आवळतो" हे जुन्या जीपच्या काळातलं बोलणं आहे. तिथे टेपर रोलर (निमुळत्या रोलरचं) बेअरिंग असायचं, प्ले नटनंच ठरायचा. सँट्रोत दोन ओळींचं सीलबंद बेअरिंग आहे. एक्सलचा नट त्याच्या आतल्या दोन अर्ध्या रेस एकमेकींवर दाबून धरतो, एवढंच. त्या एकमेकींना टेकल्या की संपलं, पुढे कितीही आवळा, आतली मोकळीक कारखान्यात ठरली तेवढीच राहते. उडालेले टवके नटनं भरून येत नाहीत.

नट खरोखर ढिला सापडला, तरी तो आवळून विषय मिटत नाही. ढिल्या नटावर गाडी पळाली असेल तर आतल्या रेस सुट्या नाचल्या आहेत, म्हणजे बेअरिंग गेलं असंच धरा.

सील उचकटून ग्रीस भरणं हाही तसलाच उपाय. आठवडाभर आवाज दबतो आणि उचकटलेल्या सीलमधून पुढचं पाणी बिनबोभाट आत जातं.

करूळघाट

सांगितलं तसं केलं. न्यूट्रलला आवाज तसाच. टायर पुढे-मागे करून फरक नाही. डावीकडे वळताना वाढतो. १२-६ ला प्ले शून्य, दोन्हीकडे. पण स्प्रिंगला बोटं लावल्यावर उजवीकडे स्पष्ट खरखर, डावीकडे काहीच नाही.

म्हणजे उजवं. डावं पण बरोबरीनं बदलावं का? आणि असंच किती दिवस चालवता येईल?

लेथ_आणि_प्रेस

डावं गप्प आहे तर हात लावू नका. ब्रेक पॅड जोडीनं बदलतात, बेअरिंग नाही. दर वेळी हब काढला की त्याच्या आणि नकलच्या बसणीवर ओरखडा यायची शक्यता असते, ती विनाकारण का घ्यायची? एक्सल बदलायचं तर काहीच कारण दिसत नाही.

किती दिवस, याला आकडा नाही. गावात हळू चालवा, घाट आणि हायवे बंद. पुढची पायरी अशी असते: सील जळतं, ग्रीस बाहेर येतं, मग प्ले येतो. प्ले आला की डिस्क डुलते आणि पॅडना मागे ढकलते, म्हणून पुढच्या वेळी ब्रेकचं पेडल पहिल्या दाबाला खोल जातं. पेडल असं दोन दाबांत वर यायला लागलं की गाडी जागेवर उभी करा.

आता काम. घरी नकल काढायचा, लेथवाल्याकडे प्रेस करायचा, घरी बसवायचा. घरचं काम अर्ध्या दिवसाचं आहे, पण गंजलेला बोल्ट भेटला तर दिवस गेला समजा. म्हणून आदल्या रात्री शॉकअपचे दोन बोल्ट, टाय रॉडचा नट आणि कॅलिपरचे बोल्ट गंज सोडवणाऱ्या तेलानं भिजवून ठेवा.

एक्सलचा नट गाडी जमिनीवर असतानाच सोडवायचा. कॉटर पिन (नट फिरू न देणारी दुमडलेली पिन) आधी पूर्ण काढा. अर्धी तुटून राहिलेली पिन एक्सलचे आटे खाते. पहिला गिअर, हँडब्रेक, आत कोणीतरी ब्रेक दाबून. ३० की ३२ चा सॉकेट ते आधी लावून बघा, सैल सॉकेटनं नटाची कोरं गोल करू नका. मीटरभर पाइप लागतोच. नट फक्त मोकळा करा, काढू नका, आणि मोकळा केल्यावर गाडी वीतभरही ढकलू नका.

गाडी घोडीवर, चाक बाहेर. कॅलिपर काढून तारेनं स्प्रिंगला टांगा, ब्रेकच्या नळीवर लोंबकळू देऊ नका. डिस्क काढा. तिच्यावरचे छोटे स्क्रू साध्या स्क्रूड्रायव्हरला दाद देत नाहीत, हातोडीनं मारायचा इम्पॅक्ट स्क्रूड्रायव्हर घ्या. टाय रॉड एंडचा नट काढून पुलर लावा. पुलर नसेल तर स्टडच्या डोक्यावर ठोकू नका. नकलच्या ज्या डोळ्यात तो बसलाय त्या डोळ्याच्या कडेवर दोन सणसणीत घाव घाला, टेपर आपोआप सुटतो.

शॉकअपचे दोन बोल्ट काढण्याआधी नकल आणि शॉकअपचा पत्रा यांच्या जोडावर छन्नीनं बारीक खूण करा. भोकांत थोडी मोकळीक असते आणि कॅम्बर (चाकाचा उभा कल) तिथेच हलतो. मग खालचा बॉल जॉइंट सोडवा.

एक्सल हबमधून बाहेर ढकलताना नट टोकाच्या पातळीला परत चढवा, वर लाकडाचा ठोकळा धरा आणि ठोका. एक्सल बाहेर ओढू मात्र नका. ओढला तर आतला जॉइंट गिअरबॉक्सच्या बाजूला निखळतो, आणि मग बूट, ग्रीस, सगळंच नवं काम. निघालेला एक्सल दोरीनं बांधून आडवा ठेवा.

आता नकल घेऊन लेथवाल्याकडे जा आणि तिथे उभे राहा. सगळा खेळ इथे आहे. नियम एकच: जी रिंग बसतेय, तिलाच धक्का.

हब दाबून बाहेर काढला की आतल्या रेसचा एक अर्धा भाग हबला चिकटून बाहेर येतो. तो पुलरनं निघतो, नाहीतर ग्राइंडरनं रेसच्या जाडीच्या पाऊण भागापर्यंत तिरकी खाच मारायची आणि छन्नीनं तडकवायची. चष्मा घाला, ही रिंग काचेसारखी तडकते. खाच पूर्ण खोल गेली तर हबची बसण कापली जाते. तिथे नख अडकेल असा चरा पडला किंवा बसण निळी पडली असेल, तर हब नवा घ्या.

मग नकलमधली सर्क्लिप (खाचेत बसून बेअरिंग अडवणारी कडी) काढायची. गंजलेली असते, दणकट पक्कड लागते. ही काढल्याशिवाय कोणी दाबायला लागला तर नकलची खाच फाटते. जुनं बेअरिंग सर्क्लिपच्या बाजूनं बाहेर. बोअर (नकलमधलं बेअरिंगचं भोक) पॉलिश पेपरनं साफ, कापडानं पुसून तेलाचा नुसता हात. जुनी बाहेरची रेस बोअरमध्ये फिरून चकचकीत पट्टे पडलेले दिसले तर नवं बेअरिंगही तिथे टिकणार नाही. लॉकटाइट (पार्ट चिकटवायचा द्रव) ओतून भागवणारे असतात, पण चाकाच्या बाबतीत मी तरी नकलच बदला म्हणेन.

नवं बेअरिंग आत दाबताना जोर फक्त बाहेरच्या रिंगवर. जुन्या बेअरिंगची बाहेरची रिंग यासाठी ड्रिफ्ट (मध्ये धरून दाबायचा तुकडा) म्हणून उत्तम, तिला एका जागी ग्राइंडरनं चीर पाडून घ्या म्हणजे बोअरमध्ये अडकून बसणार नाही. सुरुवात सरळ झाली पाहिजे; तिरकं घुसायला लागलं की थांबा, बाहेर काढा, परत धरा. तळाला टेकलं की प्रेसचा आवाज बदलतो आणि हँडल एकदम जड होतं. नवी सर्क्लिप खाचेत टक्क बसली का ते स्क्रूड्रायव्हरनं फिरवून बघा. पूर्ण बसत नसेल तर बेअरिंग अजून तळाला गेलेलं नाही.

शेवटी हब. इथेच दहातली निम्मी बेअरिंगं मरतात. हब वरून दाबताना खाली आधार नकलला दिला, तर सगळा जोर हब, आतली रेस, गोळ्या, बाहेरची रेस असा गोळ्यांमधून जातो. काही टनांच्या दाबाला त्या गोळ्या रेसवर बारीक खळगे पाडतात. डोळ्याला दिसत नाहीत, हातानं फिरवल्यावर कळतही नाहीत. गाडी पाचशे-हजार किमी चालली की घुं परत हजर, आणि दोष कंपनीच्या माथी. आधार द्यायचा तो आतल्या रिंगच्या मापाचा पाइप खालून त्या रिंगला लावून. नकल अधांतरी तरंगत राहिला पाहिजे.

करूळघाट

लेथवाला म्हणतो, पाइप शोधत बसायचं कशाला, हातोडीनं बसवतो, वीस वर्षं बसवतोय. आणि बेअरिंग आधी फ्रीजमध्ये ठेवलं तर सोपं जातं का?

लेथ_आणि_प्रेस

हातोडीचा प्रत्येक घाव एका कडेवर बसतो, सगळ्या रिंगवर नाही. वीस वर्षांत त्यांच्याकडे परत किती आली ते कोण मोजतंय? दुसरा लेथवाला बघा. उद्यमनगरात प्रेसवाल्यांचा दुष्काळ नाही.

फ्रीजचा उपयोग आहे, जादू नाही. ७० मिमी बाहेरच्या व्यासाचं बेअरिंग ३० अंशांवरून फ्रीझरच्या उणे १८ वर नेलं तर व्यास साधारण ०.०४ मिमी आकसतो. एवढ्यानं प्रेसचा जोर बराच उतरतो. प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट बांधून ठेवा, नाहीतर बाहेर काढल्यावर दव धरतं. आणि दाबायच्या अगदी आधी काढा. दुकानापर्यंत न्यायचं तर बर्फाच्या डब्यात न्या, पाच मिनिटांत थंडी उतरते. नकलवर गॅसची ज्योत मात्र नको.

पाना_सतरा

परत जोडणी उलट क्रमानं. फक्त हे चुकू नका.

एक्सलचा नट पूर्ण आवळल्याशिवाय चाकावर वजन टेकवू नका. आतल्या दोन अर्ध्या रेस नटानं एकत्र धरलेल्या नसतील तर गाडीच्या वजनानंच त्या फाकतात. गाडी घोडीवर असतानाच, ब्रेक दाबून धरून आवळा. नट आणि कॉटर पिन नवी. याच कारणासाठी एक्सल काढलेली गाडी चाकावर ढकलू नये. ढकलावीच लागली तर जुन्या सीव्ही जॉइंटचा खुंटा हबमध्ये घालून नटानं आवळून घ्या.

टॉर्क २०० न्यूटन-मीटरच्या पुढे असतो, नेमका आकडा आपल्या गाडीच्या सर्व्हिस मॅन्युअलमधून घ्या. टॉर्क पाना नसेल तर हिशोब: एक मीटर पाइपच्या टोकाला २० किलोचं वजन म्हणजे साधारण २०० न्यूटन-मीटर, ७० सेंमी पाइपला २९ किलो. घरचा लटकवायचा ताणकाटा लावून ओढलं तरी बऱ्यापैकी जवळ जाता येतं. इम्पॅक्ट गननं शेवटचं आवळणं नको, किती आवळलं ते कोणालाच कळत नाही. कॉटर पिनचं भोक जुळत नसेल तर नट पुढे न्या, मागे घेऊ नका.

टाय रॉडला नवी कॉटर पिन. चाकाचे नट ९० ते ११० न्यूटन-मीटर, फुलीच्या क्रमानं. सगळं झाल्यावर, गाडी चालवण्याआधी ब्रेकचं पेडल चार-पाच वेळा मारून वर आणा. खुणा जुळवल्या असल्या तरी टो (पुढची चाकं आत-बाहेर किती वळलीत ते) बघून घ्या, अलाइनमेंट करूनच टाका.

वीसेक किमी चालवून, शेवटचा भाग फारसा ब्रेक न लावता, दोन्ही हबना हात जवळ नेऊन बघा. एक बाजू ठळक जास्त गरम असेल तर बेअरिंगला दोष द्यायच्या आधी कॅलिपरची पिन अडकली नाही ना ते पाहा.

करूळघाट

बेअरिंग कुठलं घ्यावं? दुकानात तीन डबे समोर ठेवले, भावात निम्म्या-दुपटीचा फरक. दुकानदार म्हणतो सगळी "सेम साइज".

नंबर_वाचा

साइज नंबरातच लिहिलेली असते. या जातीच्या बेअरिंगवर डीएसी आणि पुढे आठ आकडे असतात. उदाहरण, डीएसी ३५६५००३५: आतला व्यास ३५, बाहेरचा ६५, रुंदी ३५ मिमी. डीएसी ४०७४००४२ म्हणजे ४०, ७४, ४२. सँट्रोचं म्हणून मी हे देत नाही, वाचायचं कसं ते सांगतोय. काही कंपन्या स्वतःचाच वेगळा नंबर टाकतात, तेव्हा मापच घ्यायचं. तुमचं जुनं काढा, व्हर्नियर लावा, मग दुकानात जा. आधी आणून ठेवलं आणि माप चुकलं तर नकल उघडा पडून राहतो.

मापं जुळली म्हणजे झालं असं नाही. आतली मोकळीक, सील आणि ग्रीस डब्याबाहेरून दिसत नाहीत आणि भावातला फरक बहुतेक तिथेच असतो. एसकेएफ, एफएजी, एनबीसी, एनटीएन, कोयो यांपैकी कुठलंही खरं असलं तर चालतं. अडचण "खरं"ची आहे. रिंगवरची अक्षरं लेझरची, बारीक आणि एकसारखी हवीत. नखानं खरवडून शाई निघाली तर परत करा. डब्यावरचा आणि रिंगवरचा नंबर एकच हवा. बिल नसेल तर स्वस्त भाव स्वस्त नाही. सर्क्लिप आणि नट सोबत येतात का तेही विचारा, नाहीतर लेथवाल्याकडून परत पेठेत फेरी.

एबीएसवाल्या गाड्यांसाठी एक वाक्य: त्यांतल्या बऱ्याच गाड्यांत बेअरिंगच्या एका बाजूच्या सीलमध्येच चुंबकीय पट्टी असते. ती बाजू सेन्सरकडे गेली पाहिजे, उलट बसलं तर डॅशवरचा दिवा विझत नाही. बेअरिंग स्पीकरच्या किंवा चुंबकी ट्रेच्या जवळही ठेवायचं नाही.

बोलेरोवाला

थोडं अवांतर. वर "नट आवळणं जुन्या काळातलं" असं आलंय, पण टूव्हीलड्राइव्ह बोलेरो आणि जुन्या जीपवाले वाचत असतील तर त्यांना हे आजही लागू आहे. तिथे कोन (रोलरसकट आतली रिंग) आणि कप (बाहेरची रिंग) सुटे, टेपर रोलरचे.

कोन डिझेलमध्ये धुवा, वाळवा, पण कॉम्प्रेसरच्या हवेनं गरगर फिरवू नका. रोलरवर निळी झाक असेल तर तापलंय, कपवर खवले निघाले असतील तर संपलंय. कोन आणि कप जोडीनंच बदलायचे. ग्रीस चाकाच्या बेअरिंगचं, लिथियमचं, जुनं पूर्ण काढून. तळहातावर गोळा घेऊन कोनची रुंद बाजू त्यात दाबत राहायचं, रोलरांच्या वरून ग्रीस डोकावेपर्यंत. नुसतं बाहेरून फासलेलं ग्रीस आत जात नाही.

आवळताना चाक हातानं फिरवत नट जड होईपर्यंत आणा, म्हणजे रोलर आपापल्या जागी बसतात. मग नट पूर्ण ढिला करा आणि परत नुसत्या बोटांनी टेकवा. पिनचं भोक जुळेना तर इथे मागे घ्यायचं, पुढे नाही. सँट्रोच्या बरोबर उलट! शेवटी अगदी किंचित मोकळीक हवी, ०.०३ ते ०.१२ मिमीच्या आसपास. चाक हलवून जेमतेम जाणवेल न जाणवेल एवढी. घट्ट ठेवलं तर दहा किमीत हब हात लावू देत नाही. जीपला दोन नट आणि मध्ये वाकवायचा वॉशर असतो. बाहेरचा नट आवळल्यावर आतलाही थोडा दाबला जातो, म्हणून मोकळीक परत तपासायची.

करूळघाट

उजवं बदललं. आतल्या रिंगखाली पाइप लावूनच हब दाबला, लेथवाल्यानं कुरकुर केली पण लावला. घुं पूर्ण गेला. आता हळू चालवताना उजवीकडून पत्र्यासारखी बारीक शिरशिर येते, चाकाच्या फेरीला एकदा. ब्रेक दाबला तरी थांबत नाही. परत उघडू का?

घोडी_आणि_जॅक

उघडू नका. डिस्कच्या मागचा धुळीचा पत्रा नकलबरोबर प्रेसवर गेला होता, तो वाकून डिस्कच्या कडेला लागतोय. फक्त चाक काढा, टॉर्च मारून डिस्क फिरवा, घासलेली चकाकी कुठे दिसते ते बघा. तिथे जाड स्क्रूड्रायव्हर घालून पत्रा दोन-तीन मिमी मागे रेटा. खडा अडकला असेल तर तोही त्याच फटीतून पडेल.

करूळघाट

पत्राच होता. खालच्या बाजूला, बॉल जॉइंटच्या जरा पुढे. रेटला, शिरशिर बंद.